भिंतीकडे तोंड करून फिरवलेला दांडा

“हिची नजर लागली,” असं यमुना आत्या म्हणाली तेव्हा बाबांना अजून अंगणाबाहेर नेलं नव्हतं. तिरडी बांधणं चालू होतं. आदल्या दिवशी आजोबा गेले होते. त्यांच्या वेळचे उरलेले बांबू कुडाला टेकवून ठेवले होते, तेच बाबांना लागले. भावकी उभी होती. आत्यानं माझा दंड धरून मला पुढं ओढलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, “हिनं वळून पाह्यलं. मी माह्या डोळ्यानं पाह्यलं. भांडं उघडं होतं अन् या पोट्टीनं वळून पाह्यलं.”

मी दहा वर्षांची होते. बाबा माझे होते. आणि मी वळून पाहिलं होतं हे खरं होतं.

हे सगळं आज लिहायचं कारण असं की काकांचा नातू विनोद, त्यानं ते भांडं माळ्यावरून खाली काढलं आहे. सुलतानपूरला आमच्या जुन्या घराच्या जागी त्यानं स्लॅबचं घर बांधलं. तो नोकरीला बाहेर असतो, उन्हाळ्यात येतो, आणि गेल्या दोन उन्हाळ्यांपासून सगळ्या नातेवाइकांना बोलावून केळ्याचं आइस्क्रीम करतो. मलाही गाडी पाठवून आणतो. येणाऱ्या जाणाऱ्याला सांगतो, “ही आमच्या घराची परंपरा आहे. पणजोबांनी सुरू केली.” लोक माना डोलावतात. कोणी म्हणतं, काय रसिक माणसं होती पूर्वीची. मी तिथंच खुर्चीवर बसलेली असते. परवापर्यंत मला कोणी विचारलं नव्हतं. विचारलं असतं तर सांगितलं असतं, तो दांडा कोणी फिरवला ते.

भांडं म्हणजे एक लाकडी बादली. तिच्या आत कल्हईचा उभा डबा, डब्यात लाकडी फळ्यांचा पंखा, आणि वर लोखंडी दांडा. दांडा फिरवला की डबा एकीकडं अन् पंखा दुसरीकडं फिरतो. बुलढाण्याला कोणी गोरा साहेब होता, तो विलायतेला परत गेला तेव्हा त्याच्या सामानाचा लिलाव झाला. आजोबा कोर्टाच्या तारखेला गेले होते, ते हे घेऊन आले. तेव्हा इंग्रजांचं राज्य होतं आणि आमच्या वऱ्हाडाचा कारभार नागपूरहून चाले, एवढं मला शाळेत शिकवलेलं आठवतं. मी चौथीपर्यंत शिकले. साहेबाच्या खानसाम्यानं आजोबांना कृती तोंडी सांगितली होती आणि सुलतानपूर येईपर्यंत ते ती अर्धी विसरले. उरलेली अर्धी यमुना आत्यानं स्वतःच्या डोक्यानं बसवली. दूध किती आटवायचं, केळी कधी घालायची, मीठ किती, सगळं तिचं. विनोदच्या परंपरेत तिचं नावही नाही. ती माझी वैरीण होती, पण जे तिचं ते तिचं.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, लेकी माहेरी यायच्या, पितरांच्या घागरी भरल्या जायच्या, आणि दुसऱ्या दिवशी आइस्क्रीम. आठ दिवस आधी मळ्यातून केळीचा घड यायचा. आमच्या विहिरीच्या पाटाला केळी होती, वीस-पंचवीस खुंट असतील. घड कोठीत गव्हाच्या भुश्यात पुरून ठेवायचा. तिसऱ्या-चौथ्या दिवसापासून तो वास सुरू व्हायचा. आधी कोठीत, मग माजघरात, मग झोपताना अंथरुणातसुद्धा.  मी आणि माझी चुलत बहीण वेणू, ती बारा वर्षांची, आम्ही कोठीच्या दाराशी नुसत्या बसून राहायचो. काकू म्हणायची, “काय वं, राखण करता का चोरी?”

बर्फ खामगावहून यायचा. कोळशावर चालणाऱ्या मोटारीनं मेहकरपर्यंत, आणि मेहकरहून काका बैलांच्या दमणीत घालून पहाटे आणायचे. गोणपाट, त्यात लाकडाचा भुसा, त्यात बर्फाची लादी. निम्मा बर्फ वाटेनं गळायचा. दमणी दारात आली की मागं धुळीत ओली रेघ दिसायची पार वेशीपर्यंत. ओल्या गोणपाटाचा आणि भुश्याचा वास मला अजून कुठं आला की माझे तळहात दुखतात. खोटं नाही सांगत.

मग काम. आई म्हशीचं दूध आटवायची, तांबूस होईपर्यंत. केळी पुरणाच्या चाळणीतून काढायची, म्हणजे एक गाठ राहू नये. वेलदोडे, जायफळ. काकू बर्फ पोत्यात घालून मुसळानं कुटायची. डबा बादलीत ठेवायचा, भोवती बर्फाचा थर, जाड्या मिठाचा थर, परत बर्फ. डब्याच्या झाकणाला आत्या जुन्या धोतराची चिंधी घट्ट बांधायची, मिठाचं पाणी आत जाऊ नये म्हणून. त्या बाबतीत तिचा हात असा होता की कधी खारट झालं नाही. आणि मग दांडा. आई, काकू, वेणू, मी, आळीपाळीनं. पहिल्यांदा तो खळखळ खळखळ हलका फिरतो, पोराच्या खेळण्यासारखा. मग आवाज जाड होत जातो. शेवटी असा जड होतो की खांद्यातून कळ निघते, आणि तेव्हाच थांबायचं नसतं. थांबलं की गोठणं बिघडतं. माझ्या तळहाताला फोड यायचे, फुटायचे, त्यावर मिठाचं पाणी उडायचं.

जात्यावर बसलं तर निदान गाता येतं. इथं गायचं नाही, कारण ओसरीवर माणसं दुपारची आडवी झालेली असायची.

आणि खायचं नाही. बायकांनी थंड खाल्लं की कूस गारठते, असं आत्या सांगायची. वेणूनं एकदा विचारलं, “आत्या, मी त लहान हावो. मले कायची कूस?”

“आज लहान हायस. उद्या तुह्या सासूनं माह्या नावानं बोटं मोडावी काय?”

“मंग बोटभर?”

“बोटभर काय, वास बी घेऊ नको.”

वाटे आधी आजोबांना, मग बाबांना, मग काकांना, मग जो पाहुणा असेल त्याला. त्या वर्षी शाळेचे मास्तर आले होते. उरलेलं पुन्हा त्यांनाच. डबा रिकामा झाला की बादलीतलं मिठाचं पाणी गोठ्यात न्यायचं. बैलांच्या आंबोणात घालायचं, मीठ वाया जाऊ नये. बैल ते मान हलवत चाटून पुसून प्यायचे. म्हणजे बैलांनासुद्धा त्यात वाटा होता. आम्हाला नव्हता.

याच्याही पुढची गोष्ट सांगते, जी विनोदला ठाऊक नाही. दांडा फिरवणाऱ्या बाईनं भिंतीकडे तोंड करून बसायचं. दुधाच्या पदार्थावर उपाशी बाईची नजर पडली की तो नासतो, खाणाऱ्याला बाधतो, असा आमच्या घरचा नेम होता. आत्या झाकण काढून बघायला आली की ओरडायची, “पाठमोऱ्या व्हा वं!” आम्ही सगळ्या भिंतीकडे वळायचो. मी त्या भिंतीचा एकेक पोपडा ओळखत होते. शेणानं सारवलेली भिंत, तीत गवताच्या काड्या, एक काडी नथीसारखी वाकडी होती. पाठीमागं झाकण निघायचं, थंडगार हवेची एक झुळूक मानेवर यायची, आणि वास. केळ्याचा, वेलदोड्याचा, आटलेल्या दुधाचा. मग झाकण बंद. आम्ही पुन्हा दांड्याकडे.

त्या वर्षी मी वळले. का वळले ते मला सांगता येत नाही. पाहावंसं वाटलं म्हणून वळले. फिकट पिवळं होतं. वर पंख्याच्या फळीच्या रेघा उठल्या होत्या, नांगरलेल्या वावरासारख्या. एका बाजूनं धूर निघावा तशी वाफ निघत होती. एवढंच. मी इतकी वर्षं काय फिरवत होते ते मी पहिल्यांदा पाहिलं. आत्याचं माझ्याकडे लक्ष गेलं, पण ओसरीवरून आजोबा हाक मारत होते, “यमुने, आणतं का आता, का संध्याकाळ करतं?” म्हणून ती तशीच वाट्या भरायला लागली.

थोड्या वेळानं बाबा वाटी घेऊन माजघराच्या दारात आले. माझे बाबा अबोल होते, घरात वावरले तरी आवाज नसायचा. त्यांनी माझे तळहात पाहिले असावेत. चमचा माझ्यापुढं करून म्हणाले, “घे वं कासे, जिभीले लावून पाय.”

मी हात पुढं केला आणि आत्यानं खाडकन माझ्या हातावर मारलं. चमचा खाली पडला.

“जाऊ दे ना यमुनाबाई,” बाबा म्हणाले, “लेकरू हाय.”

“लेकीची जात हाय. सवयी लावू नको.”

बाबा हसले, चमचा उचलला, धोतराला पुसला आणि ओसरीवर निघून गेले. मोठ्या बहिणीशी ते कधी भांडले नाहीत. भांडायला हवं होतं, असं मला तेव्हा वाटलं. जमिनीवर पडलेला गोळा शेणाच्या सारवणात जिरेपर्यंत मी बघत होते. मुंग्या आल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी आजोबांना सुरू झालं. वर आणि खाली दोन्हीकडून, तांदळाच्या धुवणासारखं पाणी. संध्याकाळपर्यंत बाबांना, काकांना. डोळे खोल गेले, बोटांची टोकं सुरकुतली, आवाज घोगरा झाला. मास्तरही पडलेत असा निरोप आला. गावात कोणी म्हणालं मरीआई आली, कोणी म्हणालं पटकी. आई लिंबाचं पाणी पाजत होती ते राहत नव्हतं. मी आणि वेणू विहिरीवरून पाणी आणत होतो, धुणं नदीवर नेत होतो. तिसऱ्या दिवशी सकाळी आजोबा गेले. चौथ्या दिवशी बाबा गेले, आणि मग अंगणात जे झालं ते मी आधीच सांगितलं आहे.

बाबांना नेल्यावर, त्याच दिवशी दुपारी मेहकरहून सरकारी डॉक्टर आला. सायकलवर, डोक्याला टोपी, बरोबर एक शिपाई. त्यानं विहिरीत लाल औषध टाकलं, सगळं पाणी डाळिंबाच्या दाण्यासारखं झालं. काकांना त्यानं सुई लावली आणि मीठपाणी चढवलं, म्हणून काका राहिले, असं काकू मरेपर्यंत सांगायची. मग तो ओसरीवर बसून विचारायला लागला. बायका दाराआड, म्हणून मला समोर उभं केलं.

“घरात कोणाकोणाला झालं?”

“आजोबा, बाबा, काका.”

“आणि बायकांपैकी?”

“कोणाला नाही.”

त्यानं मान वर केली. “काय खाल्लं होतं त्यांनी?”

“आइस्क्रीम.”

“आणि तू?”

“नाही.”

“काऊन? आवडत नाही?”

 आवडतं की नाही हे मला कुठून ठाऊक असणार? दाराआडून काकू म्हणाली, “बायांले देत नाहीत, साहेब.”

डॉक्टर दाराकडे वळला. म्हणाला, “एकीनंही नाही खाल्लं?”

“एकीनं बी नाही.”

 आत्या दाराआड होती आणि तिनं हे ऐकलं. मी ऐकलं. तरी नजर माझीच लागली होती. बर्फात होतं, दुधात होतं, की कुठल्या पाण्यात होतं, मला आजही माहीत नाही. माझ्या डोळ्यांत नव्हतं, हे कळायला मात्र मला चाळीस वर्षं लागली, आणि याचाच मला सगळ्यांत जास्त राग आहे. चाळीस वर्षं मी स्वतः ते खरं मानलं.

तेराव्याला एक गोष्ट झाली. बायका ताटं घेत होत्या. आत्यानं मला हाक मारून सांगितलं, तू जेवणाऱ्यांच्या पंगतीसमोर येऊ नको, मागं गोठ्यात जाऊन बस. माझी आई बारा दिवस एक शब्द बोलली नव्हती. ती पोळ्या लाटत होती. लाटणं न थांबवता म्हणाली,

“वन्सं, नजर उपाशी बाईची लागते म्हणता ना?”

“मंग?”

“उपाशी त तुम्ही बी होत्या. अन् झाकण तुम्हीच उघडलं.”

काकूच्या हातातला तवा वाजला. आत्या उठून देवघरात गेली आणि त्या दिवशी जेवली नाही. आईनं मला खुणेनं चुलीजवळ बसवलं आणि पहिली पोळी मला दिली, अजून पंगत उठायची होती तरी. बाबा गेल्यावर माझ्या बाजूनं कोणी बोललं असेल तर ते एवढंच. पण आई घरात सून होती आणि आता विधवा होती. एकदा बोलली, मग तिला बोलू दिलं नाही.

गोष्ट गावात पसरली. बाळंतिणीच्या घरी गेले की पाळण्यावर पदर पडायचा. म्हशीची धार काढताना मला बाजूला करायचे. वेणू लग्न होऊन गेली, पहिलटकरीण म्हणून माहेरी आली, तिला मुलगा झाला. ती मला दाखवायला उठली तर मूल बघायला आलेल्या तिच्या सासूनं तिचा हात धरला. वेणू रडली. मी नाही रडले, मी घरी येऊन भांडी घासली. लोणारच्या तळ्याचा खार लावून, हात सोलेपर्यंत. माझं लग्न जालन्याकडं लांब करून दिलं, जिथं ही गोष्ट पोचली नव्हती. सासरी पहिली पाच वर्षं मी कोणाच्याही लेकराकडे सरळ बघितलं नाही. माझी स्वतःची लेक झाली तेव्हा सुईणीनं ती माझ्यासमोर धरली आणि मी डोळे मिटून घेतले. सुईण म्हणाली, “अगं बघ तरी, नाकीडोळी नीट आहे.” मी म्हटलं, आधी काजळ लाव. माझ्याच लेकीला माझ्यापासून राखायला मी काजळ मागितलं! हे आता लिहितानाही माझं डोकं तापतं.

आता शिकलेली माणसं मला सांगतात, आत्याही बिचारी परिस्थितीची बळी होती, तिचा भाऊ आणि बाप गेला होता, दुःखात माणूस बोलून जातं. असेल. दुःख मलाही होतं. मी कोणाकडे बोट दाखवलं नाही. आणि ज्या हातानं तिनं माझा चमचा पाडला त्या हातामुळेच मी जगले, हेही मला कळतं. म्हणून तिचे उपकार मानू का? तिनं मला वाचवायला मारलं नव्हतं.

तर परवा विनोदनं पुन्हा घाट घातला. बादलीचं लाकूड सुकून फटी पडल्या होत्या, ती दोन दिवस हौदात भिजत ठेवली, तेव्हा फुगून फटी बुजल्या. बर्फ आता पिशवीतून येतो. केळी बाजारातली, त्यांना वास नाही. दांडा फिरवायला मुलं-माणसं हौसेनं पुढं आली, दोन-दोन मिनिटं फिरवून फोटो काढून बाजूला झाली. दांडा जड झाला तेव्हा कोणी उरलं नव्हतं. विनोदची बायको घाम पुसत एकटी फिरवत होती, आणि तिच्याजवळ तिची सात वर्षांची सई बसली होती.

“आत्या, जुनी आठवण सांगा ना काही,” विनोद पाहुण्यांपुढं म्हणाला. या घराची आत्या आता मीच आहे.

मी म्हटलं, “आधी झाकण काढ. मले पाहू दे.”

त्यानं झाकण काढलं. मी खुर्ची ओढून घेतली आणि दोन्ही डोळे उघडे ठेवून आत बघितलं. चांगलं मिनिटभर बघितलं. फिकट पिवळं, वर रेघा. सगळे हसत होते, म्हाताऱ्या माणसाची हौस म्हणून.

विनोदच्या बायकोनं वाट्या भरल्या आणि ट्रे बाहेर पुरुषांकडे निघाला. सईनं हात पुढं केला तर तीच म्हणाली, “थांब गं, आधी पाहुणे.” सई हात मागं घेऊन बसली. इतकं सहज, की कोणाच्या लक्षातही आलं नाही.

“ट्रे खाली ठेव,” मी म्हटलं. “दांडा कोणं फिरवला?”

“मी,” ती म्हणाली.

“मंग पहिली वाटी तुही. दुसरी या पोरीची. तिसरी माही. मंग ने बाहेर.”

“आत्या, पाहुणे आहेत,” विनोद म्हणाला.

“पाहुण्याइले मी ओळखते. ते थांबतील.”

ती बसली. सई बसली. आम्ही तिघींनी खाल्लं. मी पंच्याऐंशी वर्षांची, आणि तोंडात पहिल्यांदाच; आधीच्या उन्हाळ्यांत वाटी आली ती मी परत केली होती. चव केळ्याची होती, आणखी कशाची असणार? दातांना गार लागलं. सईनं वाटी चाटली. मग विनोद पुन्हा म्हणाला की आता तरी सांगा, आणि मी पाहुण्यांपुढं सांगितलं, जेवढं इथं लिहिलं तेवढं सगळं. त्याचा चेहरा उतरला. पुढल्या वर्षी भांडं निघेल की नाही मला माहीत नाही.

मी दहा वर्षांची होते त्या वर्षी आइस्क्रीम चौघांनी खाल्लं. आजोबा गेले, बाबा गेले, काका आणि मास्तर वाचले. घरात बायका पाच होत्या: यमुना आत्या, आई, काकू, वेणू आणि मी. आम्हाला कोणी दिलं नव्हतं. आम्ही पाचही जणी वाचलो.